खळीचा वास

जूनची दुपार होती. इंदिरा नगरात उत्तरेतल्या भाजणाऱ्या वाऱ्याची लू सुटली होती, वीज गेली होती, आणि मी स्वयंपाकघरात मैद्याची खळ शिजवत होतो.

"पुन्हा?" शुभदा म्हणाली. "नवऱ्याला पथ्याची पेज आणि पंढरीनाथाला खीर! निरंजनच्या ऑफिसात कंप्युटरवर बटण दाबलं की ओळ गायब होते म्हणे."

निरंजन आमचा मुलगा. पंढरीनाथ माझ्या कादंबरीचा नायक. शेवटच्या पानावर तो मरतो. ते मरण मला कधी साधलंच नाही. लिहायचं, पसंत पडलं नाही की कोऱ्या कागदाची पट्टी वर चिकटवायची, पुन्हा लिहायचं. इतक्या वर्षांत ते पान उशीसारखं फुगलं होतं. आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलं, आणि एक माणूस नीट मारता येईना! त्यात आता डॉक्टर माझ्या यकृताविषयी जे बोलले, त्यामुळे घाई होती.

वाटी घेऊन खोलीत आलो आणि वास आला. आंबलेल्या खळीचा, आणि त्याखाली जखमेवरच्या जुन्या पट्टीचा. एखादा दशहरी आंबा कुठेतरी कुजला असेल, मी स्वतःला समजावलं. पान हाताला कोमट लागलं.

नवी पट्टी त्यावर बसेना, म्हणून जुन्या सोडवू लागलो. सगळ्यात खाली पहिलं वाक्य असेल, कदाचित तेच खरं असेल... पहिली पट्टी चरचरत सुटली. पुढची ओली होती. त्याखालची लिबलिबीत, बोटाला चिकटून ताणली जाणारी. शाई विरघळून पिवळी झाली होती. तरी हात थांबेना.

शेवटची ओढली, तेव्हा कुणीतरी श्वास आत घेतला.

खाली अक्षर नव्हतंच. काहीतरी गुलाबी, ओलसर होतं. ते हळूहळू वर-खाली होत होतं.

मी वाटीभर खळ त्यावर ओतली, पट्ट्या हाताला येतील तशा थापल्या आणि हात धोतराला पुसत राहिलो.

वीज आली. कूलर घरघरला. शुभदा पन्हं घेऊन आत आली.

"अहो, मानेला काय चिकटलंय? खळ अंगालाही लावता की काय?"

तिने नखाने टोक धरून ओढलं. चरचर आवाज झाला. दुखलं मात्र नाही.

तिने पट्टी माझ्यापुढे धरली. कोरी होती. एका कडेला माझे पांढरे केस उगवलेले होते.

"हलू नका हं..." तिचा आवाज एकदम बारीक झाला. "हिच्याखाली अजून एक आहे... ओढू?"