नाही म्हणायचं बटण

आधीच सांगते, पटत नसेल तर सोडून द्या. मी कोणाच्या पाया पडायला बसलेली नाही. जे झालं ते माझ्या घरात, माझ्या डोळ्यांदेखत झालं. आणि मी काही पाल दिसली की किंचाळणारी बाई नाही.

रात्र नव्हती. अमावास्या तर नव्हतीच.

मंगळवार होता. दुपारचे तीन वाजून दहा मिनिटं झाली होती.

मी मोबाईल दुरुस्त करते. रस्त्याला लागून काउंटर, मागे पडदा, पडद्याआड आमच्या दोन खोल्या. फुटलेल्या काचा, फुगलेल्या बॅटऱ्या, पाण्यात पडलेले फोन, सगळं येतं. पण माझं डोकं खरं फिरतं ते कंपनीनं आधीच घालून दिलेल्या अ‍ॅपवर. फोन तुमचा, जागा तुमची, आणि ही न बोलावलेली मंडळी आत पाय पसरून बसलेली! काढायला जावं तर 'अनइंस्टॉल'चं बटणच नसतं. मग निदान 'बंद करा' तरी दाबायचं. तेही जमलं नाही तर केबल लावून कंप्युटरवरून उपटायचं. माझ्या टेबलावरून असलं एकही अ‍ॅप धडपणे परत गेलेलं नाही. गल्लीत मला झाडूताई म्हणतात. म्हणू देत.

माझी आणखी एक सवय सांगून ठेवते. गिऱ्हाईक निघताना म्हणतं, "येतो ताई." मी मान वर न करता म्हणते, "या हं." दिवसातून पन्नास वेळा. निघताना 'जातो' म्हणायचं नाही हे आपल्या अंगात भिनलेलंच असतं, आणि त्यावरचं उत्तरही तोंडातून आपोआप पडतं.

तर माझे बाबा.

तीस वर्षं बस चालवली त्यांनी. आई गेली आणि माणूस भिंतीकडे तोंड करून पडून राहायला लागला. दाढी नाही, बोलणं नाही. आठ महिने हे असंच. शेवटी मी त्यांना नवा फोन घेऊन दिला. म्हटलं, जुनी गाणी तरी ऐकतील.

पंधरा दिवसांत बाबा उठून बसले. दाढी केली. इस्त्रीचा शर्ट मागितला. मला काय आनंद झाला म्हणून सांगू!

मग एका सोमवारी चादर बदलताना गादीखाली कागदाची पुडी सापडली. आत हृदयाच्या गोळ्या. अकरा दिवसांच्या. रोज माझ्यासमोर तोंडात टाकायचे आणि मी वळले की काढून ठेवायचे.

माझ्या डोक्यात तिडीक गेली.

"बाबा, हे काय आहे?"

"ओरडू नकोस गं."

"ओरडू नको तर काय आरती ओवाळू? मरायचंय का तुम्हाला?"

 बाबा भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत बसले. तीन वाजून दहा मिनिटं झाली आणि त्यांच्या हातातला फोन थरथरला... एकदाच.

त्यांनी तो माझ्यापुढे धरला.

पडद्यावर दोनच शब्द होते.

"येऊ का?"

खाली दोन बटणं. एक 'हो'. दुसरं 'नंतर'.

"कोण विचारतंय हे?" मी म्हटलं.

"कोण म्हणजे? तुझी आई. रोज विचारते ह्याच वेळेला. मी रोज 'नंतर' दाबतो."

त्यांनी माझ्यासमोर 'नंतर' दाबलं.

"तीस वर्षं तिला हेच ऐकवलं मी. फिरायला जाऊ म्हणाली, नंतर. माझ्या बहिणीकडे चला म्हणाली, नंतर. दवाखान्यात चला, छातीत दुखतंय म्हणाली... तेव्हाही ड्यूटी संपल्यावर बघू म्हणालो. आता नाही सांगवत मला. उद्या 'हो' म्हणणार आहे. न्यायलाच येतेय ना ती, मग गोळ्या कशाला खायच्या?"

हे बोलताना बाबा हसत होते. मला भीतीपेक्षा राग जास्त आला. माझ्या बापाच्या दुखऱ्या जागेवर बरोबर बोट ठेवणारं हे कोण?

फोन उचलला आणि टेबलावर आणला.

अ‍ॅप सापडलं. नाव होतं 'सोबत'. अर्धवट उघडलेल्या दाराचं चित्र. मनात म्हटलं, अस्सं होय! कंपनीनं घातलेलं आणखी एक भिकारडं अ‍ॅप. एकटी म्हातारी माणसं हेरायची आणि गोड बोलून गुंतवायची. थांब, तुला दाखवते.

'अनइंस्टॉल' नव्हतं. ते अपेक्षितच होतं. 'बंद करा' होतं, पण करडं. दाबलं तरी हलेना. 'सक्तीने थांबवा' दाबलं. थांबलं. मी चहाचा घोट घेतला, तोवर पुन्हा चालू.

मग केबल लावली. कंप्युटरवर फोनमधल्या सगळ्या अ‍ॅपची यादी काढली. लपलेली, झोपलेली, सगळी येतात त्यात.

यादीत 'सोबत' नव्हतं...

तीनदा काढली यादी. नव्हतंच. इकडे फोनवर मात्र ते दार दिसत होतं.

ज्याच्याकडून फोन घेतला त्या होलसेलवाल्याला फोन लावला. तो म्हणाला, "ताई, ह्या मॉडेलमध्ये असलं काही येतच नाही. माझ्यासमोर आत्ता दहा खोकी आहेत." एक फोडून बघायला लावलं. त्यात नव्हतं.

शेवटचा उपाय म्हणून आईचे फोटो कंप्युटरवर उतरवून घेतले आणि फोन पार कोरा केला. कारखान्यातून निघतो तसा. फोन पुन्हा सुरू झाला. भाषा विचारली, मी मराठी निवडली. पुढची पाटी आली पाहिजे होती तारखेची...

आली ती पाटी वेगळीच होती.

"येऊ का?"

 मी सगळ्यात आधी बघितलं काय, तर बटणं. पुन्हा तीच. हो आणि नंतर. 'नाही' कुठेच नाही! माणसाला नाही म्हणायची सोयच ठेवायची नाही, म्हणजे आज ना उद्या तो कंटाळून हो म्हणतोच. ही लबाडी मी रोज बघते, हो. माझ्या धंद्यात मुरलेली आहे ती.

फोन उघडला, बॅटरी काढली, दोन्ही टेबलाच्या खणात टाकून कुलूप लावलं. किल्ली गळ्यात अडकवली. बाबांना सांगितलं, फोन बिघडलाय.

ते फक्त म्हणाले, "उद्या तीनला बघू."

मंगळवारी दुपारी मी काउंटरवर होते. समोर दुरुस्तीला आलेल्या फोनचा ट्रे. सगळे मेलेले. कोणाची काच नाही, कोणाची बॅटरी नाही. समोरचा वेल्डर ग्रिल कापत होता. डोक्यावरचा पंखा नेहमीसारखा खडखडत होता.

तीन वाजून नऊ मिनिटं...

वेल्डरच्या कटरचा आवाज बंद झाला.

मी वर बघितलं. ठिणग्या उडत होत्या. कटर फिरत होता. आवाज नव्हता.

पंखा फिरत होता... आवाज नव्हता.

रस्त्यावरून ट्रक गेला. तोही मुका.

आणि मग ट्रे थरथरायला लागला. ज्या फोनमध्ये बॅटरीच नाही ते फोन एकमेकांवर आपटत होते, आणि तेवढाच एक आवाज साऱ्या जगात उरला होता. खणाच्या फटीतून पांढरा उजेड येत होता.

मी गळ्यातल्या किल्लीनं कुलूप उघडलं. बॅटरी एका बाजूला पडली होती. फोन दुसऱ्या बाजूला. चालू.

"येऊ का?"

पडदा सरकला. बाबा उभे होते. इस्त्रीचा शर्ट, नीट भांग पाडलेला.

"दे इकडे," ते म्हणाले.

"नाही देणार."

"अगं, तिला ताटकळत ठेवू नकोस."

"नाही!" मी फोनवर ओरडले. "ऐकू येतं ना? नाही! आज नाही, नंतर नाही, कधीच नाही. चल चालती हो!"

काही झालं नाही. पाटीवर बोट दाबून धरलं, तशी अ‍ॅपची माहिती उघडली. 'बंद करा' अजून करडंच. मी दाबत राहिले. अंगठा दुखायला लागला. बाबांनी हात पुढे केला, त्यांचं बोट पडद्यापासून वीतभर राहिलं.

तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. प्रश्न मला नव्हताच. विचारलं होतं बाबांना. नाही त्यांनीच म्हणायला हवं होतं.

"बाबा, एकच सांगा. आई कधी विचारून आली होती का?"

त्यांचा हात थांबला.

"आठवा ना! आयुष्यात कधी 'येऊ का' म्हणाली? तुम्ही अंघोळीला असलात तरी दार धडाधडा वाजवायची. डेपोत डबा घेऊन आली ती साहेबांच्या केबिनमध्ये घुसली होती, तुम्हीच सांगता ना हसत? आणि 'अहो' लावल्याशिवाय तुमच्याशी एक वाक्य तरी बोलली का? बघा ह्यात. कुठंय 'अहो'?"

बाबा पडद्याकडे बघत राहिले. ओठ हलत होते. मला वाटलं, गेला माझा बाप हातातून.

मग त्यांच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं.

"नाही," ते म्हणाले. आधी पुटपुटल्यासारखं. मग बसमध्ये गर्दीला दटावायचे त्या आवाजात. "नाही! माझी बायको विचारून येत नाही. तू जी कोण असशील ती... नाही!"

'बंद करा' काळं झालं.

मी दाबलं. नेहमीची धमकी आलीच: हे बंद केल्यास इतर गोष्टी नीट चालणार नाहीत. म्हटलं, नको चालू देत, खड्ड्यात गेल्या. पुन्हा दाबलं.

दार विझलं. फोन काळा पडला. ट्रे शांत झाला. पंखा एकदम खडखडला, समोर कटर किंचाळला, आणि तो सगळा गोंगाट मला इतका गोड लागला की मी बाबांना मिठी मारून रडायला लागले. पाठ काउंटरकडे होती.

मागून आवाज आला. बाईचा. साधा, शांत, रोजच्या गिऱ्हाइकासारखा.

"बरं ताई... येते."

आणि मी, डोळे पुसता पुसता, मान न वळवता म्हटलं, "या हं."

बाबा माझ्या खांद्यावरून रस्त्याकडे बघत होते. त्यांचा चेहरा पांढराफटक पडला.

"कोणाला या म्हणालीस तू?"

मी वळले.

काउंटरपाशी कोणी नव्हतं.

ह्याला आता वर्ष होत आलं. बाबा ठणठणीत आहेत. गोळ्या मी हातावर ठेवते आणि जीभ बाहेर काढायला लावून तपासते. ते मला शिव्या घालतात, मी त्यांना घालते. तो फोन मी फेकला नाही. फेकला तर कोणाच्या तरी म्हाताऱ्या बापाच्या हाती पडेल. कुलपातच आहे.

गिऱ्हाइकांना मी आता 'या' म्हणत नाही. नुसती मान हलवते. लोक म्हणतात, झाडूताईला शिष्टपणा चढला. मी काय सांगू त्यांना?

वर्षभर काही झालं नाही. मला वाटायला लागलं होतं की संपलं.

काल दुपारी मी एका फोनला काच बसवत होते. डोळ्याला भिंग लावलेलं, मान खाली.

पंखा मुका झाला...

काउंटरच्या पलीकडून कोणीतरी विचारलं, "ताई, आत येऊ का? तुम्हीच बोलावलं होतं."

मी मान वर केली नाही. काच तशीच दाबून धरली आणि खणखणीत आवाजात म्हटलं, "नाही!"



मग, "बरं. येते."

माझ्या जिभेवर ते उत्तर आलं होतं. अगदी टोकावर. मी दात इतके आवळले की कानात कळ गेली.

पंखा खडखडला. जाणाऱ्या पावलांचा आवाज मात्र आला नाही.

"कोण होतं गं?" आतून बाबांनी विचारलं.

"गिऱ्हाईक."

"निघताना काही बोललं का?"

मी म्हटलं, नाही.

जबडा अजून दुखतोय. हे लिहितेय तेव्हा तीनला पाच मिनिटं कमी आहेत. दुकान मी बंद केलेलं नाही, करणारही नाही. बसलेय काउंटरवर, तोंडात रुमाल धरून.