वंशावळीतलं जादा पान

आखातात, अल कुसैसच्या इंडस्ट्रियल भागात हमीदभाईंच्या प्रेसमध्ये भिकाजी धुरी बावीस वर्षं बाइंडिंग करत होता. एवढ्या वर्षांत त्यानं धर्मग्रंथांपासून सिमेंट कंपनीच्या सेफ्टी मॅन्युअलपर्यंत सगळ्यांना सारख्याच मायेनं पुठ्ठे चढवले. भुताखेतांवर त्याचा विश्वास नव्हता. कुडाळकडचा माणूस असून नव्हता, हे विशेष. कुणी तसला विषय काढलाच, तर म्हणायचा, "भुताला इकडचा व्हिसा कोण देणार? मेडिकलमध्येच नापास होईल."

त्याची एक खोड मात्र होती. नवा कागद आला की शाई फुटते का ते बघायला बाइंडर त्यावर काहीतरी खरडतो. कुणी रेघ मारतो, कुणी आपली सही करतो. भिकाजी 'अस्मी' लिहायचा. मुलगी झाली तेव्हापासून, म्हणजे गेली सतरा वर्षं, दुसरं काही लिहिलं नव्हतं. नाव लिहायचं, शाई बघायची, कागद बाजूला टाकायचा.

जानेवारीत एक म्हातारा कोरियन गृहस्थ रेशमी रुमालात गुंडाळलेली वही घेऊन आला. तीस वर्षं रस्त्यांची कंत्राटं घेऊन आता अल ऐनला एकटाच राहत होता. साइटवरच्या मजुरांकडून हिंदी शिकला होता, त्यामुळे बोलणं अगदी साइटवरचं.

"मैं सोल. ये मेरा खानदान है," त्यानं वही काउंटरवर ठेवली. "संभाल के, उस्ताद. आदमी लोग सोया है अंदर."

घराण्याची वंशावळ होती. प्रत्येक पानावर लाल चौकटी, चौकटीत नाव, नावाशेजारी जन्माची तारीख आणि मृत्यूची. चौकटीतून रेघ खाली उतरायची आणि पुढच्या पिढीच्या चौकटीला भिडायची.

म्हातारा बोलायला भुकेला होता. आडनावाचं हे अक्षर चिनी लोक शिए असं वाचतात, आम्ही सोल, असं त्यानं सांगितलं. ते आलं उत्तरेकडच्या एका नदीवरून. मूळ पुरुष त्या नदीकाठचे, ना चिनी, ना कोरियन. पुढे ते चीनमध्ये बादशहाच्या चाकरीला लागले. तिथे दंगे पेटले, तेव्हा साडेसहाशे वर्षांपूर्वी त्यांच्यातला एकजण पोराबाळांना घेऊन कोरियात पळून आला. नदी तिकडेच राहिली. नाव मात्र चालत चालत पुढे आलं.

"आमचे धुरी गावाची वेस ओलांडून कधी गेले नाहीत," भिकाजी हसून म्हणाला. "मीच पहिला."

म्हातारा हसला नाही. वाळवीनं खाल्लेलं शेवटचं पान त्यानं उघडलं. "इधर मेरा नाम. मेरे नीचे कोई नहीं. बीवी गई, बच्चा हुआ नहीं. ये नाम इतना चला, और मेरे पास आ के खलास."

भिकाजीनं जीव ओतून काम केलं. चिनी पद्धतीत चार भोकं पाडतात, कोरियन पद्धतीत पाच. त्यानं पाच पाडली, लाल दोरा मेण लावून ओवला. खाल्लेल्या पानाच्या जागी जाड नवा कागद घेतला, त्यावर जुन्यासारख्या चौकटी आखल्या, रेघा ओढल्या. म्हाताऱ्याचं नाव तेवढं म्हाताऱ्यानंच येऊन, पान दुमडलेलं असतानाच वरच्या चौकटीत, आपल्या ब्रशानं लिहिलं, आणि पान शिवलं गेलं.

वही न्यायला आला तेव्हा म्हाताऱ्यानं ते पान उलगडलं आणि तो तसाच उभा राहिला. त्याच्या नावाखालच्या चौकटीत, बरोबर मधोमध, निळ्या शाईत लिहिलेलं होतं: अस्मी.

भिकाजीचे कान तापले. शाई बघायला घेतलेला कागद टाकायचा सोडून त्यानं त्याच्यावरच चौकटी आखल्या होत्या. बावीस वर्षांत असं झालं नव्हतं. "सॉरी साब, गलती हो गया. मेरी लडकी का नाम. अभी काढतो, दोन मिनिटांत दुसरं पान लावतो."

म्हाताऱ्यानं वही छातीशी धरली. डोळे भरले होते. "अभी तो लडकी लोग का नाम भी लिखते हैं," एवढं म्हणून तो कमरेत वाकला, खूप खाली, आणि निघून गेला.

भिकाजीनं ही फजिती घरी सांगितली नाही. बायकोनं, मनोरमानं, महिनाभर जेवताना तेच काढलं असतं.

फेब्रुवारीत अस्मीचं बारावीचं हॉल तिकीट आलं. त्यावर छापलं होतं, अस्मी सोल.

"पापा, समबडी मेस्ड अप," ती खिदळली. "साउंड्स कूल दो."

भिकाजीच्या हातातला घास हातातच राहिला. मग त्यानं स्वतःला समजावलं, की कुठेतरी क्लार्कची चूक असणार. मार्चमध्ये तिचं आयडी कार्ड रिन्यू करायला तो सरकारी फॉर्म भरून देणाऱ्या टायपिंग सेंटरला गेला. तिथली रुखसार ओळखीची. तिनं स्क्रीन बघितली, मग त्याच्याकडे बघितलं.

"भाई, इसमें तो शुरू से यही है. पैदाइश से. आप कौन लगते हो इनके?"

"बाप लागतो! अजून कोण लागणार?"

रुखसारनं स्क्रीन हळूच स्वतःकडे वळवली.

घरी येऊन त्यानं कपाटातली पत्र्याची पेटी उपसली. जन्मदाखला सापडला. तीच जुनी घडी, तोच कोपऱ्यातला चहाचा डाग, जो त्याच्याच हातून पडला होता. वडिलांच्या रकान्यात सोल. शाई सतरा वर्षांची, किंचित तपकिरी पडलेली. कागदातलं भिकाजीला कळत होतं. खाडाखोड नव्हती, चिकटवलेलं नव्हतं. हा कागद खोटा नव्हता.

म्हाताऱ्याच्या अल ऐनच्या नंबरावर तो रोज फोन करायचा. रिंग वाजून बंद व्हायची.

मे महिन्यात एका दुपारी त्यानं अस्मीला ताक नेऊन दिलं. लॅपटॉपवरची नजर न काढता ती म्हणाली, "थँक यू, अंकल."

इथली मुलं सगळ्यांनाच अंकल म्हणतात. वॉचमनला, ड्रायव्हरला, खालच्या दुकानदाराला. भिकाजी ग्लास धरून उभा राहिला. त्याला वाटलं, ती वर बघून हसेल, म्हणेल, अय्या पापा, सॉरी. ती हसली नाही. तिनं ग्लास घेण्यासाठी दोन्ही हात पुढे केले, कोरियन माणसं परक्यासमोर करतात तसे, अदबीनं. हे तिला कुणी शिकवलं नव्हतं.

जूनमध्ये मनोरमा पोळ्या लाटता लाटता म्हणाली, "त्या सोलांच्या पोरीला आपण किती दिवस ठेवून घ्यायचं हो? गोड आहे बिचारी, पण तिचं घर आहे ना अल ऐनला."

"मनो, ती आपली अस्मी आहे. तू तिला नऊ महिने..."

मनोरमाचं लाटणं थांबलं. तिनं पदराला हात पुसले आणि त्याच्या कपाळाला लावून बघितले. "आपल्याला मूल झालंच नाही, हे विसरलात का हो तुम्ही?" ती रागानं म्हणाली नाही. तिचा आवाज इतका मऊ होता, की भिकाजी बाथरूममध्ये जाऊन नळ सोडून रडला.

जुलैत अस्मी बॅग भरून गेली. जाताना दोघांना वाकून नमस्कार केला. "यू वेअर बोथ सो काइंड," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी भिकाजीनं हमीदभाईंकडून सुट्टी घेतली आणि अल ऐनची बस पकडली.

पावतीवरच्या पत्त्यावर, खजुरांच्या बागांमागे, बैठं घर होतं. भर दुपारची वेळ, रस्त्यावर माणूस नाही. म्हाताऱ्यानंच दार उघडलं. चेहरा टवटवीत, दहा वर्षांनी तरुण. आतून भाताचा वास येत होता.

"लडकी बाहर गई है. कॉलेज का फॉर्म भरने," तो आनंदानं म्हणाला. "आओ, उस्ताद."

"साहेब, वही द्या."

त्यानं दिली. सहज, काही न विचारता. भिकाजीनं सोबत आणलेली कातर काढली, स्वतःच्याच हातची शिलाई उसवली आणि पान सोडवलं. त्याच्या आधीच्या पानावरही तेच नाव होतं. त्याच्याही आधीच्या. साडेसहाशे वर्षांच्या कागदातून निळी शाई आरपार उतरली होती.

"मत करो," म्हातारा म्हणाला. "मैं भी डरा था. मैंने भी निकालने का सोचा. नहीं निकलता."

"मला ती परत पाहिजे. काहीही करा. मी तिचा कुणीतरी लागलो पाहिजे."

 म्हातारा नुसता गुडघ्यावर हात ठेवून बसला.

भिकाजीनं सोडवलेलं पान बघितलं. अस्मीच्या वरची चौकट म्हाताऱ्याची. बाजूला कोरा कागद, चौकट नाही. तिच्या चौकटीतून एकच रेघ निघत होती, खाली, रिकाम्या चौकटीकडे. रेघ त्यानंच ओढली होती, आखणी पुरी दिसावी म्हणून.

वर नाही तर खाली. बाप नाही तर आणखी काही. नातं तर राहील.

त्यानं खिशातलं पेन काढलं.

"नहीं!" म्हातारा उठला. "उस्ताद, उधर नहीं! मेरा नाम लडकी के बाद लिखा, इसलिए मैं बचा. हमारे घर का रिवाज है, नीचे का नाम तब लिखते हैं, जब ऊपर वाला आदमी मर..."

भिकाजी रिकाम्या चौकटीत स्वतःचं नाव लिहून मोकळा झाला होता.

खोलीत काही हललं नाही. एसी गुणगुणत होता. म्हातारा वहीकडे बघत हळूहळू खाली बसला, आणि त्याचा चेहरा पुन्हा जानेवारीसारखा झाला.

अस्मीच्या नावाशेजारी आता दोन तारखा होत्या. अक्षर भिकाजीचंच होतं, मराठी आकड्यांतलं. पहिली सोळा ऑगस्ट, तिच्या जन्माची. बरोबर होती.

दुसरी आजची होती. शाई ओली होती.

फोन वाजला. स्क्रीनवर अस्मी.

"पापा?" ती म्हणाली. किती महिन्यांनी. "पापा, व्हेअर आर यू? मी रस्त्यात उभी आहे. उन्हात."

"आलो, बाळा. तिथेच थांब. कुठे आहेस?"

"माहीत नाही. पण पापा," तिचे दात वाजत होते, "मला इतकी थंडी का वाजतेय?"