शिंपल्यांची भिंत

दुपारचे दोन वाजून चाळीस मिनिटं. चुनखडीच्या खाणीची पूर्वेकडची भिंत. सुरुंग भरलेले, तारा जोडलेल्या, माणसं वर आलेली.

खाणीत उतरताना वरच्या फळीवर आपला पितळी बिल्ला अडकवायचा, वर आल्यावर काढून न्यायचा. फळी रिकामी झाल्याशिवाय स्फोट नाही. सुरुंगमास्तरांनी सत्तावीस वर्षं हा नियम पाळला होता. चार महिन्यांपूर्वीही फळी रिकामीच होती. फक्त शेवटचा बिल्ला साहेबांनी स्वतः उतरवून खिशात टाकला होता. "बाई गेल्या घरी," ते म्हणाले होते, आणि मास्तरांनी बटण दाबलं होतं.

बाई दगडांचा अभ्यास करायच्या. ही भिंत म्हणजे एका जुन्या समुद्राचा तळ, शिंपल्यांनी ठासून भरलेला. इथलं काम थांबवा, असं त्यांनी लेखी कळवलं, तेच साहेबांना झोंबलं. स्फोटानंतर ढिगारा उपसायची तसदी कुणी घेतली नाही. 'न कळवता नोकरी सोडली' एवढं खरडून चौकशीवाले मोकळे झाले. खाली साक्षीदार म्हणून सही मास्तरांची.

आज मास्तरांनी बटणावर अंगठा ठेवला, आणि खालून आवाज आला.

ठक्... ठक्... लहान हातोडीचा.

मग वास आला. खारट, ओला, शेवाळाचा. ऐन उन्हाळ्यात भिंतीवरून पाणी ओघळत होतं.

"साहेब, खाली कुणीतरी आहे."

"फळी बघा की! कपाळाला डोळे आहेत ना?"

"फळी त्या दिवशीही रिकामीच होती. बिल्ला तुमच्या खिशात होता... मी पाहिलं होतं."

साहेबांनी आजूबाजूला पाहिलं. जवळ कुणी नव्हतं. "मग तेव्हा काय दातखीळ बसली होती? दाबा बटण."

"नाही दाबणार." मास्तरांनी यंत्राची किल्ली उपसून मुठीत धरली. 

"थांबा, तुमचं भूत कान धरून वर आणतो!" साहेब तरातरा पायऱ्या उतरू लागले.

"बिल्ला लावा, साहेब!"

ते थांबले नाहीत. भिंतीसमोर पोहोचले, तशी हातोडी थांबली. मास्तरांना वरून साहेबांची पाठ दिसत होती. ती हळूहळू वाकली.

"बाई... मला वाटलं होतं तुम्ही..."

भिंतीतले शिंपले उघडले. सगळे. एकदम. वाळूवरून मोठी लाट मागे ओढली जावी तसा आवाज झाला, आणि मास्तरांनी डोळे मिटले. उघडले तेव्हा भिंत कोरडी ठणठणीत होती. सुरुंग जिथल्या तिथे, न उडालेले. साहेब नव्हते.

या वेळी मास्तरांनी सगळं सांगितलं, स्वतःच्या खोट्या सहीसकट. मग कुठे ढिगारा हलला. नवव्या दिवशी बाई सापडल्या.

त्याच दिवशी ढिगाऱ्यामागच्या त्या भिंतीतला एक अखंड ठोकळा निखळून दुभंगला. आत माणसाचा जबडा होता, दोन दाढांमध्ये चांदी भरलेली. साहेबांच्या दंतवैद्याने आपलं काम ओळखलं.

त्या जबड्यावर शिंपल्यांनी घर केलेलं होतं. असा शिंपला वर्षाला एक रेघ वाढतो. तज्ज्ञाने सर्वांत मोठ्या शिंपल्याच्या रेघा मोजल्या, आणि विश्वास बसेना म्हणून पुन्हा मोजल्या.

एकतीस भरल्या.