माघ शके १७८९

फोन आला तेव्हा मोहिनी पगारे रिक्षात होती आणि रिक्षा सीबीएस बसस्थानकाच्या सिग्नलला अडकून पडली होती.

"मॅडम, मी चोर ठरलोय," पलीकडून कुंदन भोये म्हणाला. "माझ्याच प्रबंधाचं प्रकरण मी चोरलं, असं त्या नक्कल पकडणाऱ्या सॉफ्टवेअरचं म्हणणं हाय."

कुंदन पेठकडचा. नाशिकच्या एका विधी महाविद्यालयात तो पीएच.डी. करत होता आणि मोहिनी तिथेच बौद्धिक संपदा कायदा शिकवत होती. त्याचा विषय होता भारतातल्या कॉपीराइटचा इतिहास. आता याच पोराच्या माथी चोरीचा आळ. हसावं की रडावं, तेच तिला कळेना.

त्याचं तिसरं प्रकरण पिंपळगावच्या ॲड. आयुष बोडके यांच्या लेखाशी जवळजवळ शब्दन् शब्द जुळत होतं. लेख आधी छापून आला होता, त्यामुळे चोर कुंदन. हे सिद्ध झालं की नोंदणी रद्द, फेलोशिप बंद, आणि बापामागे द्राक्षतोडीला जाणं नशिबी.

चौकशी मोहिनीकडेच आली. विभागप्रमुख आणि कुंदनचे मार्गदर्शक डॉ. धोंडीराम शेवाळे यांनी ती सोपवली होती. "लवकर मिटवा," ते म्हणाले. "पोरगा चांगला आहे, पण मोह होतो एखाद्याला. ती टायपिंगवाली पिंकी आहे ना, तिच्याकडेही बघा जरा."

मिटवा म्हणे. चोर सोडून संन्याशाला फाशी द्यायची आणि वर त्याला शिस्त म्हणायचं, हा इथला जुना रिवाज.

ती तणतणत चौकशीच्या खोलीकडे गेली. दाराशेजारी कोनशिला होती, 'पायाभरणी, माघ शके १८९५'. तिच्यापुढेच शेवाळे सरांनी २०२३ च्या फेब्रुवारीत कॉलेजचा सुवर्णमहोत्सव थाटात केला होता. तारीख त्यांनीच काढलेली. एक म्हातारे विश्वस्त तेव्हा काहीतरी कुरकुरले होते, पण जेवणात बासुंदी होती, त्यामुळे कुणी लक्ष दिलं नाही.

तिने दोन्ही मजकूर शेजारी ठेवले. डोळे शिणले, चहा गार झाला, आणि फरक सापडला तो एकच. त्र्यंबकच्या यात्रेवरची एक जुनी छापील पुस्तिका नव्या कायद्याखाली नोंदवली गेली, असं दोघांनीही लिहिलं होतं. कुंदनने पुस्तिकेवरचा काळ होता तसाच ठेवला होता, माघ शके १७८९. आयुषच्या लेखात त्याचं झालं होतं फेब्रुवारी १८६७.

छापखाने आणि पुस्तकांच्या नोंदणीचा कायदाच मुळी आला मार्च १८६७ मध्ये. म्हणजे मूल जन्मायच्या आधीच बारसं उरकलं होतं.

तिने आयुषला फोन लावला.

"ती पुस्तिका तुम्ही स्वतः पाहिलीत?"

"हो, लायब्ररीत."

"कोणत्या?"

"नाशिकच्याच एका."

"तिच्यावर शके होतं ना?"

"शके म्हणजे... ते लग्नपत्रिकेवर असतं ते?"

मोहिनीने फोन ठेवला. संताप संताप झाला. असल्या माणसाचा लेख पोराच्या मुळावर उठला होता.

तिने कुंदनला बोलावलं. "हे प्रकरण कुणाकुणाच्या हाती गेलं?"

"हातानं लिहिलेलं सरांना दिलं. मग पिंकीताईंकडनं टाइप करून घेतलं. प्रुफं अश्विननं वाचली." तो थांबला. "सरांचं नाव नका घेऊ मॅडम. त्यांनी मला हॉस्टेल मिळवून दिलं."

पिंकी तिच्या दुकानात भडकलेलीच होती. "मॅडम, मी दिवसभर लोकांचे प्रबंध टाइप करते. वाचत बसले तर जेवायचं कधी?"

"शके सतराशे एकोणनव्वद, माघ. इसवी सन किती?"

"मला काय माहीत? कॅलेंडरवाल्याला विचारा."

अश्विन हा सायखेड्याचा, कुंदनचा खोलीतला जोडीदार. त्याचं एम.ए. इतिहासात झालेलं. तोच प्रश्न ऐकून त्याने क्षणभरही विचार केला नाही. "अडुसष्टचा फेब्रुवारी. एरवी अठ्ठ्याहत्तर मिळवायचे, पण माघात इंग्रजी साल बदललेलं असतंय. मग एकोणऐंशी. सोपं हाय, पण लय जण चुकत्यात."

मोहिनी परत कॉलेजात आली आणि त्या कोनशिलेपुढे बराच वेळ उभी राहिली.

दुसऱ्या दिवशी तिने सगळ्यांना एकत्र बसवलं. आयुषही आला, कडक इस्त्रीच्या शर्टात.

"अहवाल तयार आहे?" शेवाळे सरांनी विचारलं.

"तोंडी सांगते, सर. लेख आणि प्रकरण एकच आहे, त्यात वाद नाही. पण लेखात शके बदलून इसवी सन घातलंय. ज्याने मजकूर पळवला, त्याला तो जरा वेगळा दिसायला हवा होता. त्याने सरसकट अठ्ठ्याहत्तर मिळवले आणि माघ विसरला. आयुषला शके म्हणजे काय तेच ठाऊक नाही, तेव्हा हा हिशेब त्याचा नाही. पिंकीला तो येत नाही. अश्विनला तो बरोबर येतो."

"म्हणजे कुणीच नाही," सर म्हणाले.

"बाहेर कोनशिला आहे, माघ शके अठराशे पंच्याण्णव. म्हणजे फेब्रुवारी एकोणीसशे चौऱ्याहत्तर. पन्नास वर्षं चोवीस साली भरली. तुम्ही सुवर्णमहोत्सव तेवीस साली केलात, सर. तीच चूक, त्याच महिन्याची. काल तुमचे छापलेले निबंधही चाळले. माघ आला की तुमचं साल एकने चुकतं. ते प्रकरण ज्यांच्या हाती गेलं, त्यांत असा हिशेब करणारे तुम्ही एकटेच."

"एका आकड्यावरून आरोप करता?" सरांचा आवाज चढला.

"मी म्हणत होतो पप्पा, नको म्हणून," आयुष एकदम बोलून गेला.

शेवाळे सरांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"साखरपुडा झालाय त्याचा माझ्या मुलीशी," ते हळू म्हणाले. "प्राध्यापकाच्या मुलाखतीला छापील लेख लागतो. कुंदनला हे प्रकरण मी गाळायलाच लावणार होतो. पण त्याआधीच यानं मला न विचारता ते तपासणीला दिलं."

कुंपणच शेत खात होतं, आणि वर शेताचंच चुकलं म्हणत होतं. मोहिनी बोलायला पुढे सरसावली.

बोलला तो कुंदन. "पण सर, वाचून परत देताना तुम्हीच म्हणालात, ह्यात काय दम नाय. मी ते फाडाय निघालो होतो. अश्विननं धरलं."

सर खाली बघत राहिले. "दम होता," ते म्हणाले. "मला उभ्या जन्मात असं लिहिता आलं नसतं."

"मग तेव्हाच सांगायचं ना सर," कुंदन म्हणाला. "मी आनंदानं तुमचं नाव माझ्या आधी टाकलं असतं."