शाईचं खापर

मंगळवारी दुपारी चार वाजून दहा मिनिटांनी भोकरदनजवळच्या उत्खननाच्या शेडवरून एक खापर नाहीसे झाल्याचे लक्षात आले. तळहाताएवढे. त्यावर शाईने लिहिलेल्या अरामी लिपीच्या, म्हणजे जुन्या यहुद्यांच्या लिपीच्या, तीन ओळी.

दोन हजार वर्षांपूर्वी यहुदी व्यापारी इथवर आले होते, हे डॉ. काकासाहेब साबळे चाळीस वर्षे सांगत होते. जेरुसलेममध्ये शिकले, तिकडच्या टेकड्या खणल्या, मग आपल्या तालुक्यात येऊन खणत राहिले. लोक हसले. त्या सकाळी पुरावा सापडला. मोबाईलच्या फोटोत ओल्या खापरावर नुसते काळे डाग दिसत होते. बुधवारी दिल्लीहून तज्ज्ञ येणार होते.

सहा वाजता जालन्याहून खासगी तपासनीस प्रियदर्शनी खरात आली. सोबत कल्याण, निवृत्त हवालदार. त्याने शेडमालक जिनेंद्रकडे पाहिले आणि मनात निकाल लावून टाकला. हा जुनी नाणी जमवायचा.

"खापर घेऊन मी काय करू, हवालदारसाहेब?" जिनेंद्र म्हणाला. "नाणं असतं तर गोष्ट वेगळी. दिवसभर मी बियाण्याच्या गोदामात व्हतो. फोन लावा, विचारा."

कल्याणने लावला. खरे निघाले.

काकासाहेब ओट्यावर बसले होते. "एक वाजता मीच बाहेर या ओट्यावर ठेवलं. ओल होती, सावलीत वाळावं म्हणून. मागची मातीही काढली नव्हती."

"नंबर टाकला होता?" प्रियदर्शनीने विचारले.

"त्यावर माझी शाई कशी लावणार?"

सहायक तृप्तीचे डोळे सुजले होते. "ताई, सर माझ्याकडं बघून न्हाई राह्यले. जेवायला सगळ्यात शेवटी मीच गेल्ते."

"आज धुवायला किती खापरं दिली?"

"सव्वीस. चिठ्ठी मीच लिहिली."

हौदाजवळ खापरं धुणारी नंदाबाई ब्रश झटकत होती. पाणी काळपट झाले होते. चटईवर धुतलेली खापरं वाळत होती, नऊ-नऊच्या तीन ओळी. कल्याणचा बूट त्यांवर पडता पडता राहिला.

"ओ दादा! डोळे जालन्याला ठेवून आले का?"

"मावशी, कोणतं धुवायचं हे कसं कळतं?" प्रियदर्शनीने विचारले.

"नंबर असला म्हंजी धुतलेलं. न्हाई, मंग घासायचं. सरांनीच शिकवलंय."

"आज काजळीचं काही होतं?"

"एक व्हतं. चुलीवरचं आसंल. लई घासावं लागलं."

प्रियदर्शनी ओट्याकडे परतली.

"सर, चोरी झालीच नाही. चिठ्ठीत सव्वीस, चटईवर सत्तावीस. सत्ताविसावं ओट्यावर पडलेलं होतं, मातीनं भरलेलं, बिननंबरी. नंदाबाईंच्या नियमात ते धुवायचंच खापर."

"अन् ती काजळी?" कल्याण म्हणाला.

"जुनी शाई काजळीचीच असते. हौदाचं पाणी बघा."

काकासाहेब चटईशी गेले. एक तांबूस खापर उचलून उलटवले. सकाळी पाहिलेला कोपऱ्याचा टवका त्यांनी अंगठ्याने चाचपला. कल्याणला त्यांच्याकडे बघवेना.

"तिकडं जेरुसलेमला आधी खापर पाण्यात बुडवून अक्षरं बघतात, मगच ब्रश," ते म्हणाले. "इथं तीस वर्षांत शाईचं एक खापर निघालं नाही. म्हणून मी ती रीत नंदाबाईला शिकवलीच नाही." मग मान वर केली. "तृप्ती, मी तुझ्यावर संशय घेतला, पोरी."

तृप्तीने त्यांच्या हातातले खापर अलगद घेतले.

पदराला हात पुसत नंदाबाई आली. "सर, माझं काही चुकलं का?"

"न्हाई, नंदाबाई. बराबर धुतलं तुम्ही."

बुधवारी तज्ज्ञांनी खापर पाहिले आणि नोंदीत 'साधे, लेखनविरहित' असे लिहिले. गुरुवारी तृप्ती ते घेऊन पुण्याच्या एका प्रयोगशाळेत गेली. डोळ्यांना न दिसणारी शाई तिथे कधीकधी अवरक्त, म्हणजे इन्फ्रारेड, छायाचित्रात उमटते. अहवाल अद्याप आलेला नाही.