उभाणीची गाळलेली ओळ

ती ओळ मीच गाळली, हे प्रथम नोंदवते. सदतीस वर्षे मुलांच्या वह्यांतले गाळलेले शब्द दाखवून दिले आणि अखेर स्वतःच एक आख्खी ओळ तांबड्या शाईने खोडली.

सीवूड्समधल्या आमच्या सोसायटीच्या वर्धापनदिनासाठी मी ‘उभाणी’ निवडली होती. उभाणी म्हणजे खाडीकाठच्या मिठागरांतल्या बायकांचे घर उभारण्याचे गाणे. आधी जोत्याची ओळ, मग भिंतींची, शेवटी छपराची. जेवढे गाणे तेवढेच घर, गवंडी लागत नसे, असे शकुबाई सांगत. आमच्या इमारतीमागच्या गावठाणात राहणाऱ्या, ऐंशी ओलांडलेल्या शकुबाईंखेरीज उभाणी कोणालाच येत नव्हती. गवंड्याची गोष्ट मी लोककल्पना म्हणून टिपून ठेवली.

भिंतींनंतर शकुबाई जोत्याचीच ओळ उलट्या चालीत पुन्हा म्हणत. मला ती निव्वळ पुनरुक्ती वाटली. मी ती माझ्या वहीतून खोडली. त्यांना विचारले नाही.

तालीम दुपारी चार वाजता सोसायटीच्या सभागृहात होती. गाणार होतो मी आणि शेजारच्या सलिमाताई. सेक्रेटरी सुभाषराव ऐकायला आले होते. रिवाजाप्रमाणे शकुबाई घरधनीण म्हणून मधोमध बसल्या. घरधनिणीने गायचे नसते.

जोत्याची ओळ झाली आणि मिठाचा उग्र वास आला. भिंतींच्या ओळीला दगडावर दगड घासल्यासारखा आवाज होऊ लागला. शकुबाईंभोवती फरशीतून पांढऱ्या भिंती वर येत होत्या. आमच्या प्रत्येक स्वरासरशी वीतभर! माझ्या अंगावर काटा आला, पण तो आनंदाचा होता. शकुबाईंनी हात वर केला. गायन मध्येच तोडलेले मला चालत नाही. मी स्वर चढवला आणि थेट छपराची ओळ घेतली.

छप्पर मिटले.

सलिमाताई त्या खोलीला एक फेरी घालून आल्या. “बाई,” त्या हलकेच म्हणाल्या, “याला दारच नाही...”

नकाशात ही खोली नाही, असे सुभाषराव दोनदा म्हणाले. मग त्यांनी लोखंडी खुर्ची भिंतीवर हाणली. खुर्ची वाकली, भिंतीला ओरखडासुद्धा उठला नाही. आतून शकुबाईंचा खोकला ऐकू आला. हवा जायला कोठे फटही नव्हती.

मी भिंतीला कान लावला.

“बाय, दाराची ओळ कुटं हाय?”

“मी गाळली, शकुबाई.”

“का गो?”

“दोनदा येत होती, म्हणून.”

आत त्या पुन्हा खोकल्या. मग त्या म्हणाल्या, “मी म्हनून भागत नाय. जिनं गालली तिनंच भायेरून म्हनायची...”

वही उघडली. मी खोडते तेव्हा पक्के खोडते. शब्द जोत्याचेच, पण त्या शाईखाली चालीची एक खूणही उरली नव्हती. आणि ती उलटी चाल मी लक्षातच ठेवली नव्हती. तेव्हा सुभाषराव आणि सलिमाताई यांच्यादेखत मी भिंतीपुढे मांडी घालून बसले आणि म्हणाले, “मला शिकवा.”

आतून धाप लागल्या आवाजात एकेक शब्द सुरासकट आला. मी म्हटला.

“चुकलं. परत म्हन.”

पुन्हा म्हटला.

“परत.”

त्यांचा आवाज बारीक होत चालला होता. तिसऱ्या खेपेला सूर जुळला आणि समोरची भिंत उंबऱ्यापासून वर दुभंगत गेली. इतके सुंदर काही मी आयुष्यात पाहिलेले नाही. शकुबाई ओणव्याने बाहेर आल्या. केसांत मिठाचे कण होते.

“हुशार हायेस,” त्या म्हणाल्या. मग मागे वळून पाहत त्यांनी विचारले, “पन आत माज्यासंगती कोन म्हनत व्हती?”

आम्ही आत पाहिले. खोली रिकामी होती.

तेथेच सभा घेतली. इतिवृत्त मी लिहिले. ठरले असे : खोली पाडायची नाही, दार लावायचे नाही, आणि उभाणी यापुढे एकही ओळ न गाळता गायची. सुभाषरावांनी ठराव वाचून मंजुरी विचारली. शकुबाई, सलिमाताई, सुभाषराव आणि मी, चौघांनी ‘हो’ म्हटले.

पाचवा ‘हो’ त्या खोलीतून आला. आवाज बाईचा होता. नाव ठाऊक नसल्याने संमती देणाऱ्यांच्या यादीत पाचवी जागा मी रिकामी ठेवली आहे.