येते म्हणू नये

नदी सुधारायची म्हणजे निम्मा दिवस गाळ काढायचा आणि निम्मा दिवस फोटो. हे आमच्या पद्मजाचंच बोलणं. ती खाम नदीच्या कामावरची इंजिनिअर. त्या दिवशी पोकलेननं उपसलेल्या गाळाखाली जुन्या घाटाच्या पायऱ्या लागल्या, म्हणून मोजमापं घ्यायला उतरली होती. बघता बघता साडेपाच झाले. सहाला सिडकोतलं पाळणाघर बंद व्हायचं, आणि तिथं चार वर्षांची सावनी आईची वाट बघत बसलेली.

टेप गुंडाळत ती वर आली. काठावर पारूबाई शेळ्या राखत होती. पद्मजा सहज म्हणाली, "येते हं, मावशी."

निघताना 'जाते' कोण म्हणतं हो? आपल्यात तसलं अभद्र बोलत नाहीत.

"ये..."

आवाज बाईचाच, पण खालच्या पायऱ्यांवरून आला. पारूबाईचे ओठ तर मिटलेले.

असेल कुणी मजुरीण, असं म्हणून पद्मजानं स्कूटी काढली. मकाई दरवाजा ओलांडला, रोजच्यासारखी वळली, आणि समोर पुन्हा तोच घाट! दुसऱ्यांदा ती दुकानांच्या पाट्या वाचत गेली. पुन्हा घाट. नाकात गाळाचा कुबट वास. रस्ता चुकला, की आपलंच डोकं फिरलं? तिला काही उमजेना. रडूच फुटायचं बाकी होतं.

"नदीपाशी येते म्हनलीस व्हय?" पारूबाई दबक्या आवाजात म्हणाली. "इथं तसं म्हनत नाय, बाई. आता ती सोडती का तुला? जाते म्हन."

"मावशी, लेकुरवाळी आहे हो मी..."

"म्हन... बिगीनं."

पद्मजानं डोळे गच्च मिटले. "जाते..."

पायऱ्यांवर चपचप पावलं वाजली. कुणीतरी चढून आलं, तिच्या अगदी अंगाजवळून पुढं निघून गेलं. डोळे उघडले तर कुणी नाही. रस्ता मात्र सरळ होता. तिनं स्कूटी अशी दामटली की बस्स.

पाळणाघराच्या काकू कुलूप लावत होत्या.

"सावनी कुठंय?"

"अहो, असं काय करताय? मघाशीच नेलीत की! पाय गाळानं भरलेले, म्हणून उंबऱ्याबाहेरच थांबलात. पोरगी कधी नव्हे ती तुमच्याकडं येईना, नुसती किंचाळायला लागली. शेवटी मीच ओढून तुमच्या कडेवर दिली."